‘माटिल्डा’तली ती मुलगी पुढे कुठे गेली?

गोदाकाठची (इंदिरानगर, नाशिक) – रविवार, रात्री १०:४०

लेकीला (वय ८, तिसरी) सुट्टीत ‘माटिल्डा’ दाखवला, नजरेने वस्तू हलवणाऱ्या छोट्या मुलीचा इंग्रजी चित्रपट. तेव्हापासून घरात दोन उद्योग सुरू आहेत. एक म्हणजे जेवताना समोरच्या पेल्याकडे डोळे वटारून बसायचं, तो आपोआप हलतो का बघायला. दुसरा, रोज सकाळी ‘पॅनकेक’. आमच्याकडे पॅनकेक म्हणजे कणकेचं गूळ घातलेलं धिरडं. पण ते तिने स्वतः स्टुलावर उभं राहून उलथायचं असतं आणि उलथताना एक गिरकी घ्यायची असते. आजवर तीन धिरडी गॅसच्या मागे गेली.

परवा तिने विचारलं, “आई, ती मुलगी आता केवढी असेल?” मी शोधायला बसले ती रात्री एकलाच उठले. त्यातलं थोडं इथे लिहिते. शेवटी माझा एक प्रश्नही आहे.

मुलीचं नाव मारा विल्सन. जन्म जुलै १९८७, कॅलिफोर्नियातल्या बरबँकचा. गावात स्टुडिओच स्टुडिओ, वडील टीव्हीच्या तांत्रिक कामात. थोरला भाऊ जाहिरातींत काम करायचा, ते बघून हिनेही हट्ट धरला. आईवडील आधी नकोच म्हणत होते. मग थोड्या जाहिराती झाल्या आणि पाचव्या वर्षी थेट ‘मिसेस डाउटफायर’ मिळाला. घटस्फोटित बाप मुलांना भेटता यावं म्हणून म्हातारी आया बनून घरात शिरतो, तो रॉबिन विल्यम्सचा. त्यातली सगळ्यात धाकटी म्हणजे ही. १९९३ साली तो तुफान चालला. १९९४ मध्ये ‘मिरॅकल ऑन थर्टीफोर्थ स्ट्रीट’ आला. १९४७ च्या मूळ चित्रपटात जी भूमिका छोट्या नॅटली वुडने केली होती, ती हिला मिळाली. १९९५ च्या ऑस्कर सोहळ्यात ती रंगमंचावर गाण्यात होती. तेव्हा वय सात!

मग १९९६ चा ‘माटिल्डा’. गंमत म्हणजे तेव्हा तो फारसा चाललाच नव्हता, अमेरिकेत खर्चसुद्धा धड निघाला नाही. तो तरला व्हिडिओ कॅसेटवर आणि टीव्हीवर. आमच्या घरी आत्ता जे चाललंय ते त्याचंच फळ.

पण पडद्यामागे जे चाललं होतं ते वाचून मी मोबाईल खाली ठेवला. शूटिंगच्या काळात तिच्या आईला कॅन्सर झाला होता. दिग्दर्शक डॅनी डेव्हिटो (चित्रपटातला तो भामटा बापही तोच) आणि त्याची बायको रिया पर्लमन (चित्रपटातली आई) या दोघांनी त्या दिवसांत मुलीला घरच्यासारखं सांभाळलं. एप्रिल १९९६ मध्ये आई गेली, ऑगस्टमध्ये चित्रपट लागला. डेव्हिटोने अर्धवट जोडलेला चित्रपट तिच्या आईला आधीच दाखवला होता, हे माराला पुष्कळ वर्षांनी कळलं. पडद्यावर जे आईबाप इतके नालायक दिसतात, तेच दोघं कॅमेरा बंद झाल्यावर तिला घरी जेवायला नेत होते. आता तो चित्रपट मला सरळ बघताच येत नाही.

नंतर १९९७ ला एक, २००० साली ‘थॉमस’ आगगाडीचा एक, की संपलं. लहानपणीचे मोठ्या पडद्यावरचे मोजून पाच. पुढे ती न्यूयॉर्कला नाटक शिकली, आता लिहिते, आवाजाची कामं करते. २०१६ मध्ये आठवणींचं पुस्तक आलं. लहानपणापासूनचा ओसीडीचा (तेच विचार, त्याच कृती पुन्हा पुन्हा करायला लावणारा मानसिक आजार) त्रासही तिने मोकळेपणाने सांगितलाय. ती स्वतःहून बाहेर पडली, हे मला फार आवडलं.

आता प्रश्न. मे महिन्यात लेक बालनाट्य शिबिरात होती. शेवटचा प्रयोग कालिदास नाट्यगृहात झाला. हिचं काम पोपटाचं, वाक्यं चार. प्रयोगानंतर एक गृहस्थ भेटले, मालिकेसाठी मुली शोधतात म्हणाले. विनोदी कौटुंबिक मालिका, घरातली आगाऊ नात. ऑडिशनला ठाण्याला या. नवरा म्हणतो जाऊन तर बघू. सासूबाई फोनवर अर्ध्या नाशिकला सांगून मोकळ्या झाल्या. माझंच काही ठरत नाहीये. कुणाला अनुभव?

---

पंचवटीचा_पक्या – रविवार, ११:०५

पहिला नंबर. धिरड्यांना श्रद्धांजली.

‘मिसेस डाउटफायर’ म्हणजे आपला ‘चाची ४२०’ हो! कमल हासनने आधी १९९६ ला तमिळमध्ये ‘अव्वै षण्मुगी’ केला आणि १९९७ ला हिंदी. मी चाची बघून इतका हसलो होतो की आई म्हणाली डॉक्टरकडे नेऊ का. मूळ इंग्रजी आहे हे कॉलेजात कळलं, तेव्हा फसवल्यासारखं वाटलं.

तर त्यात माराच्या जागी जी चिमुरडी होती, ती फातिमा सना शेख. तीच पुढे २०१६ च्या ‘दंगल’मध्ये गीता फोगाट! म्हणजे एकाच गोष्टीतल्या दोन पोरी, एक मोठी होऊन परत आली, एक नाही आली. काढा काय अर्थ काढायचा तो, मी चाललो झोपायला.

---

मेनरोड – रविवार, ११:३२

स्पष्ट लिहितो, राग मानू नका. “स्वतःहून बाहेर पडली” हे सगळेच म्हणतात. पाचव्या वर्षी गोंडस, बाराव्या वर्षी दातांना तारा, कोण घेणार? त्या धंद्यात माणूस लागत नाही, गाल लागतात. गाल बसले की दुसरी पोर. याला करिअर म्हणत नाहीत.

आणि पोरीला हौस वगैरे काही नसते. हौस आईबापांना असते, पोर फक्त उभी राहते. तुमची पोपट झाली ना, टाळ्या मिळाल्या ना, बास की.

---

गोदाकाठची – सोमवार, सकाळी ७:५०

@मेनरोड, राग नाही, पण माराच्या बाबतीत आईवडील नको म्हणत होते हे वर लिहिलंय. आणि तिने स्वतः सांगितलंय की चित्रपटाच्या कामात तेच तेच पुन्हा पुन्हा करायचं, ते तिला नकोसं झालं. वाचून तर घ्या पूर्ण.

डबे भरायचेत, दुपारी येते.

---

ओट्यावरून – सोमवार, ११:१५

आमच्या वेळच्या बेब्या कुणाला आठवतात का? डेझी इराणी तर अर्ध्या चित्रपटांत मुलगाच व्हायची. सारिकासुद्धा ‘हमराज’मध्ये (१९६७) मुलगाच होती. आणि ‘दो कलियां’ (१९६८) मधल्या जुळ्या बहिणी म्हणजे एकटी बेबी सोनिया, पुढची नीतू सिंग. आईबापांचं भांडण मिटवायला दोघी अदलाबदल करतात ती गोष्ट. तीही मूळची तिकडचीच बरं का, ‘द पेरेंट ट्रॅप’ १९६१ ची, तमिळमार्गे आलेली.

मला नेहमी वाटतं, विनोदी चित्रपटात मोठ्यांची भांडणं लहान मुलीनेच का मिटवायची? आमच्या घरात तर मुलांमुळेच भांडणं होतात.

धिरडं तव्याला चिकटत असेल तर आधी अर्धा कांदा फिरवावा.

---

सावाना_सभासद – सोमवार, दुपारी ३:२०

ताई, कॅलिफोर्नियापर्यंत गेलात, पण घरचीच राहिली! भारतीय पडद्यावरची पहिली गाजलेली बालअभिनेत्री आपल्या नाशिकची. मंदाकिनी फाळके, दादासाहेबांची मुलगी.

त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेबांनी १९१३ ला ‘राजा हरिश्चंद्र’ काढला तेव्हा तारामती पुरुषाने केली, हे सगळ्यांना माहीत असतं. बायका मिळतच नव्हत्या. रोहिदासाला मात्र त्यांनी स्वतःचा मुलगा भालचंद्र घेतला. पुढे १९१८ मध्ये नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी सुरू झाली. ‘श्रीकृष्ण जन्म’ आणि १९१९ चा ‘कालिया मर्दन’, दोन्हींत बाळकृष्ण झाली मंदाकिनी. म्हणजे मोठ्या बाईचं काम पुरुष करतोय आणि देवाचं काम एक लहान मुलगी!

‘कालिया मर्दन’चा बराच भाग आज शिल्लक आहे, पुण्याच्या चित्रपट संग्रहालयाच्या कृपेने. मी एका महोत्सवात पाहिला. सुरुवातीलाच गोष्ट थांबवून नुसता तिचा चेहरा दाखवलाय. एकेक भाव, हसू, राग, रडू. आणि मग तोच चेहरा हळूच कृष्णाच्या वेषात विरघळतो. बाप जणू प्रेक्षकाला सांगतोय, आधी माझी पोर बघा, मग देव बघा. त्यानंतर कितीतरी वेळ नुसत्या खोड्या. लोण्याची चोरी, सवंगड्यांची टोळी, शेजारणीशी उखाळ्यापाखाळ्या. तुम्ही ‘कौटुंबिक विनोदी’ म्हणता ना, ते शंभर वर्षांपूर्वी इथेच झालं होतं. कालिया नाग फार उशिरा येतो. मुलं तोवर खुर्चीत उड्या मारत होती, आवाज नसूनसुद्धा.

त्या दोन भूमिकांनंतर पडद्यावरची मंदाकिनी संपते. दादासाहेब १६ फेब्रुवारी १९४४ ला नाशिकलाच गेले. पांडवलेण्यांच्या पायथ्याला त्यांचं स्मारक आहे, तिथे सहली जातात, मुलं कारंजी शोधतात. मंदाकिनीचं नाव मी कुणाच्या तोंडी ऐकलेलं नाही.

@मेनरोड, गाल लागतात हे खरं. पण त्या पहिल्या दृश्यात जे दिसतं ते गाल नव्हेत हो.

---

निफाडकर – सोमवार, ५:०२

सावाना काका, दंडवत. हे आम्हाला शाळेत कुणी सांगितलं नाही. पोरांना दाखवायला कुठे मिळेल?

---

सावाना_सभासद – सोमवार, ५:४०

नेटवर तुकडे सापडतील. मोठ्या पडद्यावर कुठे लागला तर सोडू नका. पोरांना आधी सांगू नका की कृष्ण मुलगी आहे.

---

टॅक्सवाली_ताई – सोमवार, रात्री ९:१०

भावनिक बाजू चालू द्या, मी व्यवहाराचं लिहिते. ऑडिशनला जायच्या आधी हे वाचा.

मुळात पैसा कुणाचा यावर अमेरिकेत कायदा झाला तो एका मुलामुळे. चॅप्लिनच्या ‘द किड’ (१९२१) मधला जॅकी कूगन. त्याने लाखो डॉलर कमावले, मोठा झाल्यावर बघतो तर आई आणि सावत्र बापाने उडवलेले. १९३८ ला कोर्टात गेला, हाती जेमतेम सव्वा लाख डॉलर आले. १९३९ मध्ये कॅलिफोर्नियाने कायदाच केला, मुलाच्या कमाईचा काही भाग त्याच्या नावे बाजूला ठेवायचा. मारा त्याच राज्यातली, म्हणून तिच्या पिढीला थोडंफार संरक्षण होतं.

आपल्याकडे बालकामगार कायद्यात २०१६ ला दुरुस्ती झाली आणि २०१७ ला नियम आले. १४ वर्षांखालचं मूल कलाकार म्हणून काम करू शकतं, पण अटींवर. ज्या जिल्ह्यात शूटिंग आहे तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्याने घ्यायची, ती जास्तीत जास्त सहा महिने चालते. दिवसाला पाच तासांवर काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांवर नाही. सलग २७ दिवसांपेक्षा जास्त नाही. शाळा बुडू द्यायची नाही, तशी सोय निर्मात्याने करायची. मुलांची काळजी घ्यायला जबाबदार माणूस नेमायचा, पाच मुलांमागे किमान एक. मुलाच्या मनाविरुद्ध काम करवून घ्यायचं नाही. आणि मिळणाऱ्या पैशातला किमान २० टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावे मुदत ठेवीत, तो मूल सज्ञान झाल्यावर त्याच्या हातात.

त्या गृहस्थांना एकच विचारा, “जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी काढलीत का?” चेहरा बघा. आणि २० टक्के हा किमान आकडा आहे. माझ्या ओळखीतल्या एका घरात तेवढेच मुलीच्या नावे ठेवले आणि बाकीच्यातून गाडी आली.

---

मेनरोड – सोमवार, ९:२५

गाडी आली 😀 मी काय म्हणत होतो!

---

चिमणी_उडाली – मंगळवार, रात्री १२:४८

वाचनमात्र असते इथे. दोनदा लिहून खोडलं, आता पाठवतेच.

मी केलंय हे काम. साल सांगत नाही, नाहीतर कुणीतरी ओळखेल. नाशिकरोडला राहायचो. महिन्यातून सात-आठ दिवस पहाटे उठून आईबरोबर पंचवटी एक्स्प्रेसने मुंबई. कसारा घाटात मी झोपलेली असायचे आणि आई माझे संवाद स्वतःशीच पुटपुटत असायची. आईचे पाठ मला आजही पाठ आहेत, माझे नाहीत.

मालिका विनोदी. माझं काम ठरलेलं. मोठी माणसं भांडून दमली की मी आत यायचं, कमरेवर हात ठेवायचे आणि काहीतरी आगाऊ बोलायचं. मागून हशा. हशा नंतर भरायचे, त्यामुळे सेटवर मी बोलले की एकदम शांतता व्हायची. मला वाटायचं माझं चुकलं. हे कुणीतरी मला समजावून सांगायला चार महिने लागले.

पुढचे दोन दात पडले तेव्हा केवढा गोंधळ. कथेत तो सगळा एकच आठवडा चालला होता, मग दात सोमवारी असणार आणि मंगळवारी नसणार कसे? नकली दात करून आणले. जेवताना काढून कॅमेऱ्याच्या रोलच्या काळ्या डबीत ठेवायचे. ती डबी माझ्याकडे अजून आहे. दात नाहीत, डबी आहे.

मग मी उंच व्हायला लागले. निर्मितीतले एक काका येता-जाता माझ्या डोक्यावर हात ठेवायचे. सगळ्यांना वाटायचं लाड करतायत. ते उंची बघत होते. एकदा आईला म्हणाले, “ताई, ही वाढतेय हो.” तक्रारीच्या सुरात. आईने त्या आठवड्यात माझ्यासाठी पातळ तळाच्या चपला आणल्या. आईवर राग नाही माझा. तिने माझं दूध बंद केलं नाही एवढं नक्की.

नंतर बोलावणं यायचं थांबलं. “थोडा गॅप आहे” म्हणाले. शेवटच्या तीन महिन्यांचा चेक आजतागायत आलेला नाही. बाबा दोनदा जाऊन आले, तिसऱ्यांदा गेले नाहीत. आणि एका संध्याकाळी आम्ही सगळे टीव्हीसमोर, मालिका लागली. आत आली दुसरीच मुलगी. माझं नाव, माझा फ्रॉक, कमरेवर हात. आजी म्हणाली, “ही कोण गं?” कुणी काही बोललं नाही. बाबांनी बातम्या लावल्या.

तर, @गोदाकाठची ताई तुम्ही म्हणता मारा स्वतःहून बाहेर पडली. @मेनरोड म्हणतात तिला टाकलं. मी तिचं बरंच वाचलंय, साहजिकच. दोन्ही एकदमच झालं, असं तीच सांगते. कामं कमी होत होती आणि तिचंही मन उडत होतं. आधी कोणतं, हे आठव्या-दहाव्या वर्षी कळत नाही. मला विचाराल तर मला अजूनही कळलेलं नाही. मी “सोडलं” असंच सांगते सगळ्यांना.

आणि एक. तिने २०२१ मध्ये एका मोठ्या अमेरिकी वर्तमानपत्रात लेख लिहिला होता, लहान मुलींशी हॉलिवूड आणि वर्तमानपत्रं कशी वागतात यावर. बारा वर्षांची व्हायच्या आत तिचे फोटो नको त्या साइटवर गेले होते. तिने कामं सगळी कुटुंबाने बसून बघायची केली होती. तरीही. माझ्या वेळी मोबाईल नव्हते, एवढं माझं नशीब. तुमच्या लेकीच्या वेळी आहेत.

वाईटच होतं असं मात्र नाही. सेटवरची वडापावची प्लेट, स्पॉटदादांनी शिकवलेले पत्त्यांचे डाव, एका मोठ्या नटाने (ते आता नाहीत) प्रत्येक सीनआधी मला “चला, बॉस” म्हणणं. ते मी कशालाही देणार नाही.

---

मेनरोड – मंगळवार, सकाळी ८:१५

प्रकाटाआ (प्रतिसाद काढून टाकला आहे).

---

मेनरोड – मंगळवार, ८:३१

आधी काहीतरी खवचट लिहिलं होतं, काढलं. @चिमणी_उडाली, मी ती मालिका बघायचो बहुतेक. मुलगी बदलली तेव्हा आमच्या घरी पण “ही कोण” झालं होतं.

---

चिमणी_उडाली – मंगळवार, ८:४४

🙂

---

ओट्यावरून – मंगळवार, १०:३०

तुझ्या आईला नमस्कार सांग गं. पहाटेची पंचवटी, डबा, पोर, सगळं घेऊन आठ-आठ दिवस. आणि ती डबी टाकू नकोस.

---

गोदाकाठची – पुढचा रविवार, रात्री ९:२०

उशिरा लिहितेय, सगळ्यांचे आभार. @चिमणी_उडाली, तुझा प्रतिसाद नवऱ्याला वाचायला दिला. तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, फोन तर करून बघ.

केला. @टॅक्सवाली_ताईंचा प्रश्न जसाच्या तसा विचारला. समोरून, “ते सगळं प्रॉडक्शन बघतं मॅडम, तुम्ही मुलीला छान तयार करून आणा.” मी म्हटलं, परवानगीची प्रत व्हॉट्सअॅपवर पाठवा, मग निघतो. “पाठवतो.” गुरुवार गेला, शुक्रवार गेला. शनिवारी मीच मेसेज केला, निळ्या रेघा आल्या, उत्तर नाही. सासूबाईंना सांगितलं की मालिका पुढे ढकललीय. खोटं आहे, पण त्यांनी ज्या अर्ध्या नाशिकला सांगितलंय त्याला तोंड त्यांनाच द्यायचंय.

लेकीला सांगितलं की ठाण्याला जायचं नाहीये. तिने विचारलं, “मग पोपट परत कधी?” दिवाळीनंतर बालनाट्य आहे म्हटलं. त्यात पोपट नसला तर काय करणार, यावर आमची अर्धा तास चर्चा झाली. सध्या ती घुबड व्हायला तयार आहे.

@सावाना_सभासद काका, ‘कालिया मर्दन’चे तुकडे दाखवले. कृष्ण मुलगी आहे हे आधी सांगितलं नव्हतं. लोणी चोरताना हसली. ते चेहऱ्याचं दृश्य मात्र तीन वेळा लावायला सांगितलं आणि मग आरशासमोर गेली. हसू आणि राग जमतोय. रडू येत नाहीये, म्हणून कांदा मागितला.

---

पंचवटीचा_पक्या – रविवार, ९:३५

कांदा तव्यावर फिरवायला ठेवा हो, ओट्यावरून काकूंनी सांगितलंय.

---

निफाडकर – रविवार, ९:५२

धिरड्यात ताक घालता की नुसतं पाणी?

---

गोदाकाठची – रविवार, १०:०१

पाणीच, गुळाचं. ताक तिखटाच्या धिरड्याला. आणि पीठ जरा घट्ट ठेवा, पातळ झालं की गिरकीत उडतं.